नाव एकाचं, पैसे दुसऱ्याचे

पत्र थोडक्यात (ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत): वय ३६, आरोग्य उपकेंद्रात कंत्राटी परिचारिका. लग्नाला बारा वर्षं झाली, मुलगी चौथीत. सासर मालवण तालुक्यात, माहेर देवगडकडे. नवरा पर्यटकांसाठी गाडी चालवतो. मारहाण नाही, पण पैशांवरून रोजची भांडणं आणि अबोला. "घर माझं आहे, चालती हो" असं ऐकल्यावर जूनपासून त्या मुलीला घेऊन माहेरी आहेत. घरात दोन वाहनं. टुरिस्ट पासिंगची सात आसनी गाडी नवऱ्याच्या नावावर आहे. २०२१ मध्ये ती घेताना यांनी साडेचार तोळ्यांच्या पाटल्या मोडून दोन लाखांच्या आसपास रक्कम उभी केली. कर्जावर दोघांच्या सह्या आहेत आणि हप्ता आजही यांच्या पगाराच्या खात्यातून जातो. स्कूटर यांच्या नावावर, पण पैसे नवऱ्याने भरलेले. ती सासरीच राहिली आणि आता दिराचा सोळा वर्षांचा मुलगा ती फिरवतो. माहेराहून उपकेंद्राकडे एसटीच्या दोनच फेऱ्या आहेत. मुलगी सारखी विचारते, "माझा रेनकोट डिकीत राहिलाय, कधी आणायचा?" नवरा म्हणतो, "मोठी गाडी माझ्या नावावर, स्कूटरचे पैसे माझे. हात लावलास तर चोरीची तक्रार करीन." शेजारीण म्हणते, "गाडी घोवाच्या नावार, मगे तुझी कशी?" एक सहकारी सांगते, कायद्याने निम्मं बायकोचंच असतं. गणपतीला मुंबईहून आलेला भाऊ म्हणतो, दुसऱ्या चाव्या आहेत, रात्री जाऊन दोन्ही घेऊन येऊ. प्रश्न: "गाडी नक्की कुणाची? आणू का?"

ताई,

तुमचा भाऊ अनंत चतुर्दशीनंतर परत जाणार म्हणालात, म्हणून आधी एवढंच सांगते: रात्री जाऊ नका.

भावाची माया मला कळते. वर्षभर लांब राहून बहिणीचं दुःख फोनवर ऐकायचं आणि गणपतीच्या चार दिवसांत सगळं निस्तरून द्यायचं, असं आपल्याकडच्या प्रत्येक चाकरमानी भावाला वाटतं. पण तो रेल्वेत बसला की मागे तुम्हीच उरता. वाडीत रात्री इंजिन सुरू झालं तर कुत्री भुंकतात, चार घरांतले दिवे लागतात, कुणीतरी मोबाइलवर व्हिडिओ काढतं. मग पाटल्या, हप्ते, तुमची बारा वर्षं यातलं काही कुणाच्या लक्षात राहत नाही. "भावाला घेऊन आली नि रात्री गाडी पळवली" एवढंच गावभर होतं. चोरी ठरायला लबाडीचा हेतू लागतो हे खरं. वस्तू आपल्या हक्काची आहे असं मनापासून समजून नेली, असा बचाव करता येतो. पण तो बचाव आधी पोलीस ठाण्यात आणि मग न्यायालयात मांडत बसावं लागतं. कंत्राटी नोकरी असताना तुमच्यामागे असलं काही लागू नये.

आता तुमचा प्रश्न. पत्र दुसऱ्यांदा वाचताना एक गोष्ट जाणवली, ती स्पष्टच सांगते, रागावू नका. मोठी गाडी तुमची का, तर पैसे तुम्ही घातले म्हणून. स्कूटर तुमची का, तर ती तुमच्या नावावर आहे म्हणून. तुमच्या नवऱ्याचं म्हणणं हेच आहे, फक्त उलटं. म्हणजे दोघांकडेही दोन दोन मापं आहेत, आणि जिथे जे सोयीचं पडतं तिथे ते लावलं जातंय. तुम्ही खोटं बोलताय असं मला अजिबात म्हणायचं नाही. संसार चालू असताना कुणी पावत्या जपून ठेवत नाही. मोठी गाडी नवऱ्याच्या नावावर आणि स्कूटर बायकोच्या, हे शोरूममध्ये कुणी न बोलताच ठरून जातं. पण बोलणी करायला बसाल तेव्हा या उलट्यासुलट्या मापांवरच अडाल. म्हणून नाव, पैसे आणि गरज या तीन गोष्टी आधी वेगळ्या करूया.

नावाचं बघू. मोटार वाहन कायदा, १९८८ प्रमाणे ज्याच्या नावावर वाहन नोंदलेलं तो मालक. आरटीओ, पोलीस, विमा कंपनी आणि अपघाताच्या भरपाईचं न्यायालय हे सगळे आधी त्या नावाकडे बघतात. पैसे कुणी दिले हा वाद मात्र नावामुळे मिटत नाही, तो दिवाणी किंवा कौटुंबिक न्यायालयात वेगळा मांडता येतो. बेनामी व्यवहारांच्या कायद्यातही आपल्या उघड कमाईतून जोडीदाराच्या नावावर घेतलेली मालमत्ता वगळलेली आहे. त्यामुळे "पैसे माझे, नाव त्यांचं" असं म्हणायला कायद्याची आडकाठी नाही. सिद्ध करायचं ओझं मात्र म्हणणाऱ्यावर.

निम्म्या हक्काचं तुमची सहकारी जे सांगते ते कुठून आलं असेल याचा मला अंदाज आहे. सिंधुदुर्गात हे मी पुष्कळांकडून ऐकलंय. बांद्याच्या पलीकडे, गोव्यात, १८६७ च्या पोर्तुगीज नागरी संहितेतून आलेला कौटुंबिक कायदा चालतो. तिथे लग्नाआधी वेगळा करार केला नसेल तर नवरा-बायकोची मालमत्ता सामाईक धरतात. कुणाची बहीण पेडण्यात दिलेली, कुणाची मावशी म्हापशात, त्यामुळे ही गोष्ट इकडे सहज पोचते. पण महाराष्ट्रात तसं नाही. इथे लग्न झालं म्हणून कुणाचं काहीही आपोआप निम्मं होत नाही. या भरवशावर बोलणी करायला बसलात तर पहिल्याच वकिलाच्या तोंडून हे ऐकून खचाल, म्हणून आधीच सांगून ठेवते.

स्कूटरचं सोपं आहे, आणि तातडीचंही. ती तुमच्या नावावर आहे, वापरायला तुम्हाला दिली होती, तुम्हीच वापरत होता. नवऱ्याने बायकोला दिलेली भेट स्त्रीधनातच, म्हणजे केवळ बायकोच्या मालकीच्या संपत्तीत येते, त्यामुळे "पैसे मी भरले" या म्हणण्याला इथे फारसा जोर नाही. पण मला पत्रातल्या दुसऱ्याच ओळीची काळजी वाटली, पुतण्याच्या. मोटार वाहन कायद्याच्या २०१९ च्या दुरुस्तीपासून अल्पवयीन मुलाने वाहन चालवून गुन्हा केला तर पालकाबरोबर वाहनमालकही जबाबदार धरला जातो. २५,००० रुपये दंड, ३ वर्षांपर्यंत कैद, शिवाय वाहनाची नोंदणी १२ महिन्यांसाठी रद्द. "मला माहीत नव्हतं" असं मालक म्हणू शकतो, पण तुम्हाला आता माहीत आहे, तुम्ही मला लेखी कळवलंय. आणि त्या मुलाचं काय? आचऱ्याच्या रस्त्यावर भर पावसात सोळा वर्षांचं पोर विनापरवाना स्कूटर चालवतंय. भांडण मोठ्यांचं आहे, हातपाय त्याचे मोडतील.

तेव्हा आजच नवऱ्याला आणि दिराला व्हॉट्सअॅपवर साध्या शब्दांत कळवा. स्कूटर माझ्या नावावर आहे, परवाना नसलेल्या कुणाला ती चालवायला देऊ नये, अमुक दिवशी सकाळी दहा वाजता मी ती न्यायला येत आहे. आरोप नको, जुनं काही उकरून काढू नका. जाताना आरसी, विमा आणि आधार जवळ ठेवा. रागीट भावापेक्षा दोन्ही घरांना मान असलेली एखादी वडीलधारी व्यक्ती सोबत असू दे. दिली नाही तर फाटकात वाद घालू नका, कुलूप तर मुळीच तोडू नका. तिथून सरळ पोलीस ठाण्यात जा, लेखी अर्ज द्या आणि पोचीवर शिक्का घ्या. पोलीस "घरगुती मामला" म्हणून हात झटकतील अशी शक्यता आहे. तरी अर्ज द्याच, पुढे तो कागद उपयोगी पडतो. आणखी एक, हे पुष्कळ जणींच्या बाबतीत राहून गेलेलं असतं: परिवहनच्या पोर्टलवर स्कूटरच्या नोंदीत मोबाइल नंबर कुणाचा आहे ते बघा. खरेदीच्या वेळी नवऱ्याचाच दिलेला असतो. मग दंडाच्या चलनाचे मेसेज आणि ओटीपी त्याच्याकडे जातात. तो नंबर बदलून घ्या.

मोठ्या गाडीचं गणित वेगळं आहे. इथे तुम्ही चुकीची वस्तू मागताय असं मला वाटतं.

तुमचा भक्कम हक्क त्या गाडीवर नाही, तुमच्या पाटल्यांवर आहे. माहेरहून आलेलं सोनं हे स्त्रीधन, म्हणजे एकट्या तुमची मालमत्ता. १९८५ च्या प्रतिभा राणी खटल्यापासून सर्वोच्च न्यायालय हेच सांगत आलंय की स्त्रीधन नवऱ्याकडे असलं तरी ते त्याचं होत नाही, तो केवळ सांभाळणारा. २०२४ मध्ये केरळमधल्या एका जोडप्याच्या प्रकरणात न्यायालयाने हे पुन्हा स्पष्ट केलं: अडचणीत नवरा ते वापरू शकतो, पण ते किंवा त्याची किंमत परत करायला तो बांधील आहे. त्या खटल्यात ८९ पवन (एक पवन म्हणजे आठ ग्रॅम) सोन्यापोटी पत्नीला २५ लाख रुपये देण्याचा आदेश झाला. तुमच्या पाटल्या साडेचार तोळ्यांच्या. प्रमाण लहान असलं तरी तत्त्व तेच.

आणि व्यवहार म्हणूनही बघा. पर्यटकांना घेऊन सिंधुदुर्गचे रस्ते तुडवलेली, खाऱ्या वाऱ्यात उभी राहिलेली गाडी दरवर्षी स्वस्त होत जाते. २०२१ ला मोडलेलं सोनं आज त्या भावात मिळत नाही. गाडी मागितलीत तर गाडीबरोबर उरलेलं कर्ज, परमिट, टायर, विमा सगळं गळ्यात येईल, आणि नवऱ्याची कमाईही थांबेल. मुलीचा खर्च त्याच कमाईतून मागायचाय. सोनं आणि भरलेले हप्ते मागितलेत तर मागणी स्वच्छ राहते. म्हणून आधी सराफाची पावती शोधा. ती नवऱ्याच्या नावावर निघाली तरी घाबरू नका. पाटल्या घातलेले लग्नातले फोटो, माहेरच्या खरेदीची पावती, मोडल्याच्या तारखेला किंवा पुढच्या दोन-चार दिवसांत शोरूमला भरलेली रक्कम, हे एकाखाली एक लावलं की गोष्ट दिसू लागते. बँकेतून २०२१ पासूनचं स्टेटमेंट काढा आणि प्रत्येक हप्त्यासमोर खूण करा.

रागाच्या भरात हप्ता बंद करू नका. तुम्ही सहकर्जदार आहात. हप्ता थकला तर बँक तुमच्या दोघांच्या भांडणात पडणार नाही, गाडी ओढून नेईल, आणि पतही दोघांची खराब होईल. थोडे महिने भरत राहणं जमत असेल तर भरा, पण दर वेळी नवऱ्याला मेसेज करा: "या महिन्याचा हप्ता मी भरला, हिशेबात धरावा." जमत नसेल तर आधी बँकेला लेखी कळवा. नवरा गाडी परस्पर विकून टाकील ही भीती तुम्ही लिहिलीय. आरसीवर बँकेचा बोजा आहे तोवर बँकेच्या ना-हरकतीशिवाय ती दुसऱ्याच्या नावावर चढत नाही. तेवढ्यापुरत्या निश्चिंत राहा.

तडजोडीचे रस्ते मला तीन दिसतात. गाडी त्यांनी ठेवावी, कर्ज स्वतःकडे घ्यावं आणि तुमचं सोनं व हप्ते ठरवून फेडावेत. हा मला सगळ्यांत बरा वाटतो. फक्त एवढं ध्यानात घ्या की आपसात कितीही लिहून घेतलं तरी सहकर्जदार म्हणून तुमचं नाव बँकच काढू शकते. त्यामुळे करारात "बँकेकडून अमुक तारखेपर्यंत नाव काढून घ्यावं" असं स्पष्ट आलं पाहिजे. दुसरा रस्ता गाडी विकून कर्ज फेडायचं आणि उरलेलं वाटून घ्यायचं. एवढ्या वापरलेल्या गाडीत उरणार किती, ते आधी विचारून घ्या. तिसरा म्हणजे गाडी तुम्ही घ्यायची. तुम्हाला ती चालवून धंदा करायचा असेल तरच. तसं पत्रात कुठे दिसलं नाही.

हे बोलायचं कुठे? गावकीत बसवू असं तुमचे बाबा म्हणतात. गावकीचा मान राखा, पण हा हिशेब तिथे मांडू नका. तिथे "नांदायला जा, मग बघू" यापलीकडे फार कमी वेळा काही निघतं, आणि तिथला निर्णय बँकेवर किंवा आरटीओवर बंधनकारक नसतो. तालुका विधी सेवा समितीकडे दावा दाखल करण्याआधीच तडजोडीसाठी अर्ज करता येतो. स्त्रियांना तिथे मोफत वकील मिळतो, त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. १५१०० या क्रमांकावर फोन करून चौकशी करता येते. तडजोड झाली आणि ती लोकअदालतीत नोंदवली गेली, तर तिला दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्याइतकंच वजन असतं. स्टॅम्पपेपरवरच्या घरगुती करारापेक्षा ते कितीतरी पक्कं.

त्यातूनही नवरा बधला नाही तर कौटुंबिक हिंसाचार कायदा, २००५ आहे. "मारहाण नाही, मग माझं प्रकरण त्यात कसं बसेल?" असं तुम्ही विचारलंत. त्या कायद्यात आर्थिक छळही येतो. स्त्रीधन अडवून ठेवणं, हक्काच्या वस्तू वापरू न देणं, मालमत्ता परस्पर विकणं हे सगळं त्यात धरलेलं आहे. स्त्रीधन किंवा तुमच्या हक्काची वस्तू परत करा असा हुकूम दंडाधिकारी देऊ शकतात, विक्रीला मनाई करू शकतात, गरज असेल तर अंतरिम आदेशही देतात. अर्ज तुम्ही सध्या राहता तिथल्या तालुक्याच्या न्यायालयात करता येतो, सासरच्या तालुक्यात खेपा घालायला नकोत. संरक्षण अधिकाऱ्यांना भेटलात तर अर्ज लिहायला मदत होते. मात्र हे पाऊल धमकी म्हणून उचलू नका. एकदा अर्ज केला की दोन्ही घरांतलं वारं बदलतं. उचलायचं तर विचार करून, आणि मग मागे हटायचं नाही.

हे वाचणाऱ्या पुरुषांशीही दोन शब्द. मागे एका आंबा बागायतदाराचं पत्र आलं होतं. पिकअप बायकोच्या नावावर, ती माहेरी, आणि हे ऐन हंगामात पेट्या घेऊन वाशीला जायचे. विमा संपलेला. बायको सही देत नाही म्हणून ते चिडले होते. मी त्यांना लिहिलं होतं की सहीचा राग बाजूला ठेवा आणि आधी गाडी उभी करा. विमा नसताना अपघात झाला तर भरपाईचं ओझं नोंदणीकृत मालकावर, म्हणजे घरी बसलेल्या त्या बाईवर येतं. २०१८ च्या नवीन कुमार खटल्यात तर गाडी पुढे विकली गेली होती, पण आरटीओत नाव तेच राहिलं, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने जुन्याच मालकाला जबाबदार धरलं. तेव्हा ज्या कुणाकडे जोडीदाराच्या नावावरचं वाहन आहे, त्यांनी निदान विमा आणि पीयूसी चालू ठेवावेत, चलन आलं तर भरावं. आणि वाहन देऊन टाकायचं ठरलं असेल तर फॉर्म २९ आणि ३० भरून नाव बदलूनच द्यावं.

एक गोष्ट तुम्ही विचारलेली नाही, तरी विचारते. चार पानांच्या पत्रात गाडीचा उल्लेख असंख्य वेळा आहे. तुम्हाला त्या घरी परत जायचंय की नाही, यावर एक ओळही नाही. उत्तर मला कळवायची गरज नाही. पण भाऊ, बाबा, शेजारीण सगळे गाडीबद्दल बोलतायत म्हणून तुमच्याही मनात तीच पुढे आली असेल तर थोडं थांबून बघा. परत जायचं असलं तरी सोन्याचा हिशेब लिहून ठेवण्यात काही वाईट नाही. नसेल जायचं, तर गाडीच्या हट्टापायी पोटगी आणि मुलीचा ताबा हे मोठे विषय मागे पडू देऊ नका. पोटगीच्या अर्जात दोघांनाही आपली मालमत्ता, वाहनांसकट, शपथपत्रावर सांगावी लागते. २०२० पासून सर्वोच्च न्यायालयाने तसं बंधन घातलंय. तेव्हा ती गाडी आणि तिची कमाई तिथे समोर येईलच.

आता या आठवड्याचं. आज पुतण्याबद्दलचा मेसेज, उद्या बँकेचं स्टेटमेंट आणि मोबाइल नंबरची दुरुस्ती. स्कूटर आणायला भाऊ असतानाच जा, पण त्याला फाटकाबाहेर उभं करा. जूनपासून कुणी कशी चालवली असेल सांगता येत नाही, म्हणून लगेच लांब पळवू नका. ब्रेक, टायर आणि बॅटरी मेकॅनिकला दाखवून घ्या, विम्याची तारीख बघा. आणि तिथेच, सगळ्यांसमोर, डिकी उघडून मुलीचा रेनकोट आहे का बघा. पाऊस अजून महिनाभर तरी आहे.